रस्त्यावरची रेघ वाचताना

(यवतमाळ जिल्ह्यातील एका ग्रामपंचायतीच्या सभागृहात नव्या वाहनचालकांसमोर दिलेल्या व्याख्यानाचे संपादित शब्दांकन)

मित्रहो, आपल्यापैकी बहुतेकांचे वाहन शेताच्या धुऱ्यावरून निघते आणि बाजार समितीच्या आवारात थांबते. या वाटेत सिग्नलचा दिवा तालुक्याच्या गावी भेटला तर भेटतो, तोही बहुधा नुसता पिवळा, उघडझाप करणारा. त्यामुळे आपल्या भागात सिग्नलचे पुष्कळसे काम डांबरावर रंगवलेल्या रेघांनाच करावे लागते.

दुपदरी रस्त्याच्या मधली तुटक पांढरी रेघ समोर मोकळे दिसत असेल तरच ओलांडता येते, अखंड रेघ ओलांडायची नसते, एवढे लायसन्स काढताना सगळेच पाठ करतात. पण चांगल्या सरळ रस्त्यावर मध्येच अखंड रेघ का येते? त्याचे उत्तर बहुतेक वेळा पुढच्या चढात किंवा वळणात असते. इंडियन रोड्स काँग्रेस या रस्ते अभियंत्यांच्या संस्थेच्या मानकांनुसार ताशी ८० किलोमीटर वेगाने जाताना गाडी थांबवण्यासाठी १२० मीटर पुढचे दिसले तरी भागते. सुरक्षित ओव्हरटेक करायला मात्र सुमारे ४७० मीटर दिसावे लागते. समोरचाही ८०च्याच वेगाने येत असेल, तर हे ४७० मीटर जेमतेम साडेदहा सेकंदांत संपतात. त्यातून पुढे कापसाने फुगलेली ट्रॉली असली, तर तिच्या मागून आपल्याला कापसाखेरीज काहीच दिसत नाही. अशा वेळी, चढापलीकडचे जे आपल्याला दिसत नाही, ते रस्ता आखणाऱ्याने आधीच मोजलेले असते आणि ती अखंड रेघ त्या मोजणीवरूनच आलेली असते.

अखंड रेघ येण्याआधी पुष्कळ ठिकाणी तुटक रेघेचे तुकडे लांब आणि मधल्या फटी आखूड होत जातात. हा इशाराच आहे: ओव्हरटेक सुरू केले असेल तर आटोपते घ्या, नसेल तर सुरू करू नका. काही ठिकाणी तुटक आणि अखंड अशा दोन रेघा शेजारी शेजारी असतात. तिथे आपल्या बाजूला जी असेल तीच आपल्याला लागू. चढ चढणाऱ्याला मनाई आणि उतरणाऱ्याला मुभा, असे एकाच जागी असू शकते. दोन्ही रेघा अखंड असतील, तर कोणत्याच बाजूने ओलांडायचे नाही.

या रेघांच्या रंगात काचेचे बारीक मणी मिसळलेले असतात. हेडलाइटचा उजेड ते चालकाकडे परतवतात, म्हणून रात्री रेघ चमकते. पावसाळ्यात ट्रॅक्टरच्या चाकांबरोबर आलेली काळी माती तिच्यावर बसली की हे मणी निकामी होतात. डांबरी रस्त्यावर चढण्यापूर्वी चाकांचा चिखल झाडण्याचा कंटाळा आपण सर्रास करतो, हे इथे बोललेच पाहिजे. गावाला जोडणाऱ्या एकपदरी रस्त्यावर तर मधली रेघच नसते. तिथे समोरून वाहन आले की वेग कमी करून साइडपट्टीवर उतरावे लागते.

आता दिव्यांविषयी. उघडझाप करणारा पिवळा दिवा म्हणजे सिग्नल बंद आहे, असा समज आहे. तो चुकीचा आहे. वेग कमी करून, दोन्हीकडे पाहून पुढे जा, असा त्याचा अर्थ. लाल दिवा उघडझाप करीत असेल, तर पूर्ण थांबून, रस्ता मोकळा असल्याची खात्री करूनच निघायचे. हिरव्यानंतर येणारा पिवळा घाई करण्यासाठी नसतो: थांबरेघेआधी सुरक्षित थांबणे शक्य असेल तर थांबायचे. डावीकडे वळायला लाल दिवा लागू नाही, ही समजूतही काढून टाका. तशी परवानगी देणारा फलक किंवा हिरवा बाण असेल तरच वळता येते. २०१९च्या दुरुस्तीनंतर मोटार वाहन कायद्याच्या कलम १८४ मध्ये लाल दिवा तोडण्याचा धोकादायक वाहनचालनात स्पष्ट उल्लेख आहे.

सभेत एकाने विचारले, ‘आमच्या रस्त्यावरची रेघच पुसली आहे, मग काय करायचे?’ चढावर आणि वळणावर ती अखंडच आहे असे धरून चालावे, आणि तक्रार लेखी करावी. रस्ता कोणाचा, हे किलोमीटरच्या दगडावरून कळते: पिवळ्या माथ्याचा दगड राष्ट्रीय महामार्गाचा, हिरव्या माथ्याचा राज्य महामार्गाचा. त्या दगडावरचा आकडा अर्जात लिहिला, तर अभियंत्याला नेमकी जागा शोधत फिरावे लागत नाही.