धुके विरळ झाले की…

श्रोतेहो, जुना भयप्रधान व्हिडिओ गेम नव्या, सुस्पष्ट चित्रांसह आणि नव्या ध्वनीसह पुन्हा बाजारात आला की तो आधीपेक्षा सरसच असणार, असे आपण गृहीत धरतो. मला हे ध्वनीच्या बाबतीत पुष्कळसे पटते, चित्राच्या बाबतीत फारसे नाही.

1999 सालचा ‘सायलेंट हिल’ घ्या, त्याच नावाच्या गावात घडणारा. तो ज्यावर खेळला जाई, त्या पहिल्या प्लेस्टेशन यंत्राची मुख्य मेमरी अवघी 2 मेगाबाइट होती. सबंध रस्ता टोकापर्यंत एका वेळी दाखवणे त्या यंत्राच्या कुवतीबाहेरचे होते. निर्मात्यांनी ही उणीव धुक्याने आणि अंधाराने झाकली, आणि झाकता झाकता ते धुके हाच त्या गावाचा स्वभाव होऊन बसला. चार पावलांपलीकडचे दिसत नाही, म्हणून तिथे काय असेल ते खेळणाराच मनात रचू लागतो. मुंबईकराला धुक्याची सवय नाही. पण जुलैच्या पावसात दोन स्थानकांच्या मधे लोकल थांबावी, डब्यातले दिवे जावेत आणि खिडकीबाहेर नुसते पाणी वाजत राहावे, हा अनुभव त्याच जातीचा आहे.

2012 मध्ये ‘सायलेंट हिल 2’ची उच्च दर्जाच्या चित्रांची आवृत्ती आली. मूळ गेमचा अंतिम कोड कोनामी या त्याच्या कंपनीकडे पूर्ण उरला नव्हता, त्यामुळे अपुऱ्या कोडवरून काम करावे लागले; धुके विरळ झाले आणि दिसू नये म्हणून जे झाकले होते, नेमके तेच उघडे पडले. चित्र स्वच्छ झाले, गाव मात्र नाटकाच्या नेपथ्यासारखे दिसू लागले.

चित्र सुधारूच नये, असे मी म्हणत नाही. 1996च्या ‘रेसिडेंट ईव्हिल’चे दिग्दर्शक शिंजी मिकामी यांनीच 2002 मध्ये तो गेम नव्याने घडवला, तेव्हा चित्रे कितीतरी पटींनी देखणी झाली, पण कॅमेरा पूर्वीसारखाच एका जागी खिळलेला ठेवला. कोपऱ्यापलीकडचे न दिसणे कायम राहिले, म्हणून तिथले देखणेपण भीतीच्या आड आले नाही.

ध्वनीचे गणित निराळे आहे. कान मिटता येत नाहीत. ‘सायलेंट हिल’मध्ये एखादा प्राणी जवळ आला की नायकाच्या खिशातला रेडिओ खरखरू लागतो, काहीतरी जवळ आहे एवढेच तो सांगतो, कुठे आहे ते सांगत नाही. अधिक स्वच्छ ध्वनीत ती खरखर आणि तिच्या आधीची शांतता, दोन्ही गडद होतात. (शेजारच्या कुकरची शिट्टी ज्या घरात ऐकू येते, तिथे हेडफोन हवाच!) मात्र नव्या तंत्राने त्या खरखरीला नेमकी दिशा दिली, तर मी तो बिघाडच मानीन.

आता पडदा काळा ठेवून जुना आणि नवा असे दोन्ही ध्वनी ऐकवतो. तेवढा वेळ पंखे बंद करावे लागतील, त्याबद्दल क्षमस्व.