फ्रान्सिस्कनांचे ग्रंथ आणि ठाण्याची हाडं

नमस्कार. पत्रिकेवर विषय छापलाय ‘फ्रान्सिस्कन मिशनऱ्यांचे इतिहासग्रंथ कसे वाचावेत’. तो वाचूनही तुम्ही आलात, म्हणजे तुमच्याविषयी मला आधीच आदर आहे. एक विनंती मात्र आत्ताच करतो. शेवटी फादर स्टीफन्स आणि ख्रिस्तपुराणाविषयी विचारू नका. थोर माणूस, थोर ग्रंथ, पण ते जेझुइट, म्हणजे फ्रान्सिस्कनांहून वेगळ्या कॅथलिक मिशनरी संघाचे. मी इतकी वर्षं फ्रान्सिस्कनांवर बोलतोय आणि आभारप्रदर्शन करणारे गृहस्थ हटकून ‘स्टीफन्स यांच्या कार्यावर प्रकाश टाकल्याबद्दल’ माझे आभार मानतात. सतराव्या शतकातल्या गोव्यात एखाद्या फ्रान्सिस्कनासमोर असं कोणी बोललं असतं, तर त्यानं पाचशे पानांचा खुलासा लिहून काढला असता.

माझं आजचं म्हणणं तेवढंच आहे. हे ग्रंथ म्हणजे असे खुलासेच आहेत. वरवर बघता त्यांचा सामना मूर्तिपूजकांशी किंवा मुसलमानांशी चाललेला दिसतो. खरा प्रतिवादी असतो शेजारचा मिशनरी संघ. सातबाऱ्यावर नाव कोणाचं लागणार, हा सगळा वाद.

आता ठाण्यात उभा आहे, तर ठाण्यापासूनच निघू. १३२१ साल. टोलेंटिनोचा थॉमस, पादुआचा जेम्स, सिएनाचा पीटर आणि तिफ्लिसचा दिमित्री असे चार फ्रान्सिस्कन होर्मुझहून जहाजात बसले. जायचं होतं केरळातल्या कोल्लमला, वाऱ्यानं आणून टाकलं ठाण्यात. इथं तेव्हा नेस्टोरियन, म्हणजे पूर्वेकडच्या एका जुन्या पंथाच्या, ख्रिस्ती लोकांची पंधरा घरं होती, त्यातल्या एकात चौघे उतरले. पुढं काय झालं? धर्मचर्चा? छे. घरधन्याचं आणि बायकोचं भांडण झालं. त्यानं हात उचलला. बाई स्वाभिमानी, सरळ काझीकडं गेली. काझीनं विचारलं, साक्षीदार कोण? बाई म्हणाली, घरात चार फ्रँक, म्हणजे युरोपीय, साधू आहेत, त्यांनी पाहिलंय, त्यांना विचारा. झालं! आले होते साक्षीला. काझीनं बोलता बोलता धर्माचा विषय काढला, मग पैगंबरांविषयी विचारलं, थॉमसनं तिखट उत्तर दिलं, आणि एप्रिलमध्ये चौघे मारले गेले. मध्ये जेम्सला आगीत टाकल्याचा चमत्कार आहे. एकदा कपड्यांसकट, मग अंगाला तेल लावून, आणि दोन्ही वेळा तो धड बाहेर आला. त्यावर मी बोलणार नाही. मला त्या बाईत जास्त रस आहे. त्या काळच्या ठाण्यातली एक बाई नवऱ्याविरुद्ध फिर्याद घेऊन जाते, हे आपल्याला कोणा बखरकारानं सांगितलेलं नाही. सांगितलंय पोर्देनोनेच्या ओडोरिकनं. तोही फ्रान्सिस्कन. पण तो इथं आला या घटनेनंतर, म्हणजे त्याचं सगळं ऐकीव.

याच ओडोरिकनं असंही लिहून ठेवलंय की ठाण्यात उंदीर कुत्र्याएवढे असतात, मांजरांचं त्यांच्यापुढं काही चालत नाही, म्हणून ते कुत्रे पकडतात. आपल्या घुशींचा युरोपात हा असा परिचय. त्याच्या बाकीच्या चमत्कारांवर विश्वास ठेवा न ठेवा, स्टेशनजवळ राहणाऱ्यांनी एवढ्यावर तरी ठेवावा.

तर हाडं. त्या चौघांना सोपाऱ्यात नेऊन पुरलं जॉर्डनस नावाच्या साधूनं. तो त्यांच्या सोबतच आला होता, पण डॉमिनिकन संघाचा. ओडोरिक आल्यावर त्यानं ती हाडं उकरली, कापडात बांधली आणि चीनच्या वाटेला लागला. रात्री उशाशी हाडं घेऊन झोपला असता त्याला मारायला कोणी घर पेटवलं. तीन कोपरे जळाले, हा होता तो तेवढा शाबूत. जहाज वाऱ्याअभावी अडलं, मूर्तिपूजकांनी प्रार्थना केली, मुसलमानांनी केली, वारा ढिम्म हलेना. यानं गुपचूप नोकराकरवी एक हाड समुद्रात टाकलं आणि शिडं भरली. शेवटी झैतूनला, म्हणजे आजच्या छ्वानचौला, आपल्या संघाच्या मठात त्यानं ती ठेवली. १३३० मध्ये पादुआला ही हकिकत सांगून लिहवून घेतली आणि पुढच्याच जानेवारीत वारला. आता हिशेब बघा. खांदा डॉमिनिकनानं दिला, वारसा लावला फ्रान्सिस्कनानं.

चिठ्ठी आली. दहा मिनिटं. म्हणजे मूळ विषय आता सुरू करायचा आणि संपवायचाही.

वसईचा गोन्सालो गार्सिया घ्या. बाप पोर्तुगीज, आई इथली. जेझुइटांकडं शिकला, त्यांच्याबरोबर जपानला गेला, त्यांच्यासाठी राबला, पण संघात त्याला घेतलं नाही. मग व्यापार केला आणि मनिलाला फ्रान्सिस्कनांत ब्रदर झाला. १५९३ मध्ये दुभाष्या म्हणून पुन्हा जपानला गेला. ५ फेब्रुवारी १५९७ ला नागासाकीत सव्वीस जणांना क्रुसावर चढवलं, त्यात हा होता. दोन्ही संघांची माणसं त्यात होती आणि दोन्ही संघांनी खापर एकमेकांवर फोडलं. जेझुइट म्हणाले, जपानचा सत्ताधीश हिदेयोशी याची बंदी असताना हे उघड्यावर प्रवचनं करत होते. फ्रान्सिस्कन म्हणाले, तुम्हीच आमच्याविषयी कान भरलेत. त्यांच्यातल्या रिबादेनेयराचा इतिहास १६०१ मध्ये बार्सेलोनात छापला गेला. तो उघडताना शेजारी जेझुइट हकिकत असलीच पाहिजे.

दुसरा ग्रंथ पाउलो द त्रिंदादेचा, पूर्वेच्या आध्यात्मिक विजयाचा. १६३० ते १६३६ या काळात गोव्यात लिहिला. फ्रान्सिस्कन तिथं १५१७ पासून ठाण मांडून होते, जेझुइट झेवियर आले १५४२ मध्ये. पण नाव कोणाचं झालं, ते तुम्हीच सांगा. वर आरोप असा की गोव्याच्या बारदेशातल्या फ्रान्सिस्कनांना लोकांची भाषा येत नाही. म्हणून हा लेखक आपल्या संघात कोणी कोणती भाषा शिकली, कोणी काय लिहिलं, ते हट्टानं नोंदवतो. गास्पार द साँव मिगेलनं तर कोकणीचं व्याकरणच लिहिलं होतं. तेव्हा आपल्याला जो भाषेचा इतिहास मिळतो, तो या रुसव्यातून मिळतो. त्याच लेखणीनं देवळं पाडल्याचा अभिमानही लिहिलाय. फ्रान्सिस्कनांनी ज्यांचं चर्च केलं ती बोरिवलीच्या मंडपेश्वरची लेणी बघून आलेल्यांनी ती पानं डोळे उघडे ठेवून वाचावीत.

तिसरं, धावतं. १७४५ मध्ये ब्राझीलच्या रेसिफे शहरात मिश्र वंशाच्या लोकांनी आपल्या गोन्सालोचा मोठा उत्सव केला. हा खरोखर सावळा होता का, यावर तिथं वाद होता. जाबोआतांव या फ्रान्सिस्कनानं भूगोल आणि वंशावळ लावून सिद्ध केलं की होता. ते प्रवचन १७५१ मध्ये लिस्बनला छापलं गेलं. वसईच्या बाईचा रंग रेसिफेच्या चर्चमध्ये पुराव्यादाखल! रोमनं त्याला संत म्हटलं ते १८६२ मध्ये, शंभरावर वर्षांनी.

दुसरी चिठ्ठी आली, आवरतो. त्रिंदादेचं हस्तलिखित व्हॅटिकनच्या ग्रंथालयात पडून होतं. १९६२ ते ६७ या काळात लिस्बनला तीन खंडांत छापलं गेलं, सगळं पोर्तुगीजमध्ये. सभागृहात पोर्तुगीज येणारं कोणी तरुण असेल, तर खाली चहापाशी मला गाठा. वसईची प्रकरणं आधी घेऊ.