हुद्दा आहे, नाव नाही

श्रोतेहो, नमस्कार. व्यसनाचा विषय निघाला की बडोदेकरांना ‘एकच प्याला’ आठवणारच. गंधर्व मंडळीनं त्याचा पहिला प्रयोग केला तो इथेच, बडोद्यात, 1919 साली. सुधाकर, सिंधू, तळीराम यांची ओळख तुम्हाला करून द्यायला नको. आज बोलायचंय ते 1992 च्या एका अमेरिकन चित्रपटाबद्दल. ‘बॅड लेफ्टनंट’, दिग्दर्शक एबल फेरारा. न्यूयॉर्कमधला एक पोलीस अधिकारी. नशा, जुगार, लाच, सगळं अंगात मुरलेलं. एका ननवर चर्चमध्ये बलात्कार होतो आणि ती म्हणते, मी त्या मुलांना क्षमा केली. तिथून हा माणूस कोसळत जातो.

दांडिया बाजारातल्या एका घरी आम्ही काहीजण जमून सिनेमे बघतो. हा लावला त्या दिवशी घरच्या काकू, सत्तरी ओलांडलेल्या, निवृत्त शिक्षिका, मागे खुर्ची टाकून बसल्या. चर्चमधला प्रसंग आला. हार्वे कायटेल अक्षरशः विव्हळतो, समोर दिसणाऱ्या येशूला शिव्या घालतो आणि मग त्याच्याच पाया पडतो. दोघं-तिघं उठून बाहेर गेले. काकू जागच्या हलल्या नाहीत. संपल्यावर दिवा लावला, तर त्यांचा पहिला प्रश्न, “अरे, ह्याचं नाव काय?”

सगळे आठवायला लागलो. कुणालाच सांगता येईना, कारण चित्रपटात त्याला नावच नाही. पुन्हा सांगतो, हुद्दा आहे, नाव नाही.

काकू म्हणाल्या, “आमच्या सासऱ्यांचं असंच झालं होतं. दारावर पाटी होती त्यांच्या नावाची. तरी नवा टपालवाला विचारायचा, पिणाऱ्यांचं घर हेच का? पुढे पुढे तेसुद्धा आपलं नाव सांगेनासे झाले.”

कुणीतरी म्हणालं, पण क्षमा तर सिंधूनंही केली, सुधाकर कुठे सुधारला? काकूंचं उत्तर मी आजवर कितीतरी जणांना ऐकवलंय. “सिंधूची क्षमा त्याला रोज मिळत होती रे, तिचीही सवयच झाली. ह्या पोलिसानं ती दुसऱ्याला मिळताना बघितली.”

ऐकलंत ना? दुसऱ्याला मिळताना बघितली. म्हणूनच तो त्या दोन मुलांना पकडूनही पैसे देऊन बसमध्ये बसवून देतो. त्याची नशा सुटलेली नाही, आणि शेवटी त्याला गोळी लागते ती लागतेच. तरी तो उद्धारच आहे, असं मी मानतो. आपल्या गुजरातेत दारूबंदी आहे, पण बंदोबस्तावर जितका जोर तितका व्यसनमुक्ती केंद्रांवर हवा, हे माझं ठाम मत. आणि सयाजीरावांनी 1910 मध्ये मध्यवर्ती ग्रंथालय काढलं, तसं सिनेमा बघायला एखादं सार्वजनिक दालन या शहरात का नसावं? असले चित्रपट मोबाइलवर पुढे ढकलत बघायचे नसतात.

फेरारा स्वतः वर्षानुवर्षं व्यसनात होते, नंतर सुटले. त्यांच्या 2019 च्या ‘टोमासो’मध्ये विलेम डॅफो रोममध्ये राहणारा दिग्दर्शक झालाय, आणि बायको-मुलीच्या भूमिकांत फेराराची खरीखुरी पत्नी आणि मुलगी आहेत. नशा सोडून वर्षं झालीत, पण राग आणि संशय घरातून गेलेले नाहीत. तुमच्या घरात कुणी सोडायची धडपड करत असेल, तर आधी हा बघा. ‘बॅड लेफ्टनंट’ नंतर, आणि मुलांना झोपवून. नमस्कार.