नदी उजव्या हाताला

श्रोतेहो, नमस्कार.

महेश्वरच्या बरोब्बर समोर, नर्मदेच्या दक्षिण काठावर नावडातोडी नावाचं लहानसं गाव आहे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या मंडळींनी, डॉ. सांकळियांच्या नेतृत्वाखाली, १९५२-५३ पासून इथली टेकाडं खणली. साडेतीन हजार वर्षांपूर्वीच्या शेतकऱ्यांची वस्ती त्यांना सापडली. मी तिथं गेलो तो मात्र हे काही बघायला नाही. पाय दुखत होते म्हणून काठावर बसलो होतो. समोर अहिल्याबाईंचा घाट. पायऱ्यांवर वाळत घातलेली लुगडी दिसत होती, कुणाचं तरी मूल आंघोळीला नाही म्हणून रडत होतं, तेही ऐकू येत होतं. नावेत बसलात तर दहा मिनिटांत पलीकडे.

माझ्या शेजारी बसलेले गृहस्थ परिक्रमावासी होते. पांढरे कपडे, हातात दंड, खांद्याला झोळी. मी सहज विचारलं, "महेश्वरला कधी पोचाल?" ते म्हणाले, "महिना, दीड महिना लागेल."

नर्मदा परिक्रमा म्हणजे काय, हे मला त्या उत्तरानं कळलं. त्याआधी वाचलेलं पुष्कळ होतं.

अमरकंटकला, मैकल डोंगरात, समुद्रसपाटीपासून हजार मीटरहून थोड्या जास्त उंचीवर ही नदी उगम पावते आणि विंध्य-सातपुड्याच्या मधल्या खचदरीतून १३१२ किलोमीटर पश्चिमेला वाहत भरूचपुढे खंभातच्या आखातात शिरते. परिक्रमा करायची म्हणजे एका काठानं जायचं आणि दुसऱ्या काठानं यायचं. दोन्ही तट धरले तर अडीच हजार किलोमीटरांच्या वर चाल होते. जुन्या रिवाजानं, चातुर्मासात मुक्काम करत, तीन वर्षं तीन महिने तेरा दिवस. आता पायी जाणारे बहुतेक जण कार्तिकी एकादशीनंतर निघतात आणि चार-सहा महिन्यांत पुरी करतात. बसनं पंधरा-वीस दिवसांत करणारेही आहेत. त्यांच्याबद्दल मला काही म्हणायचं नाही. पाय चालत नाहीत त्यांनी काय करावं?

पण श्रोतेहो, ही वाट नेमकी कुठून जाते असं विचारलंत, तर सरळ उत्तर नाही. कुठे भिंतीवर गेरूनं 'परिक्रमा मार्ग' लिहून बाण काढलेला असतो, कुठे तोही नाही. कधी वाळूतून, कधी हरभऱ्याच्या शेताच्या बांधावरून, कधी डांबरी रस्त्यानं ट्रकांची धूळ खात, कधी जबलपूरसारख्या शहरातून. दरवर्षी पूर येतो, काठ कापला जातो, मागच्या वर्षीची पायवाट नदीत जाते. पक्के आहेत ते दोन नियम. नदी कायम उजव्या हाताला राहिली पाहिजे. आणि तिचं पात्र ओलांडायचं नाही. तवा, हिरन, ओरसंग अशा तिला येऊन मिळणाऱ्या नद्या ओलांडल्या तर चालतात. तिला स्वतःला नाही. एवढं सांभाळलं की पाय पडेल ती वाट.

म्हणून ते गृहस्थ समोरचं महेश्वर बघत तसेच पश्चिमेला निघून गेले. दक्षिण तटानं समुद्रापर्यंत जायचं. विमलेश्वरला भरतीची वाट बघत थांबायचं, नाव कधी सुटेल ते समुद्र ठरवतो. समुद्रातून काही तासांचा प्रवास करून पलीकडे मिठी तलाईला उतरायचं आणि उत्तर तटानं पूर्वेला वळायचं. तेव्हा कुठे तो घाट पायाखाली येणार. ओंकारेश्वरहून परिक्रमा उचलणाऱ्यांचंही तसंच. ज्योतिर्लिंग नदीतल्या बेटावर, त्यामुळे तिथूनच निघाले तरी वाटेत असेपर्यंत त्यांना बेटावर पाऊल टाकता येत नाही. सगळं फिरून आल्यावर, परिक्रमा सोडल्यावर, बाटलीत जपलेलं नर्मदेचं पाणी तिथं वाहायचं.

मी स्वतः पूर्ण परिक्रमा केलेली नाही, हे आधीच सांगायला हवं होतं. रजा मिळेल तसा तुकड्यातुकड्यानं चाललो. जाणकार याला खंड परिक्रमा म्हणतात. पुण्य किती लागतं ते ठाऊक नाही, पण फोड पूर्ण परिक्रमेइतकेच येतात.

या वाटेवर पैशाची गरज फार कमी पडते, हे ऐकून पुष्कळांना खरं वाटत नाही. संध्याकाळी गावात शिरून "नर्मदे हर" म्हटलं की कुठूनतरी तोच जबाब येतो आणि "आसन लगाओ, बाबाजी" असं कुणी सांगतं. बाईमाणूस असेल तर "माताराम". देवळाची ओसरी, शाळेचा व्हरांडा, आश्रम, नाहीतर सरळ घरातली पडवी. काही ठिकाणी तयार जेवण मिळतं. काही ठिकाणी सदावर्त, म्हणजे पीठ, डाळ, तांदूळ, मीठ असा कोरडा शिधा, आपलं आपण शिजवून घ्यायचं. ओल्या लाकडांवर टिक्कड, म्हणजे जाड रोट्या, भाजणं ही स्वतंत्र साधना आहे. एका रात्री मी ज्यांच्याकडे उतरलो त्यांच्या घरात पीठ मोजकंच आहे, हे दिसत होतं. मी संकोचून म्हणालो, मला भूक नाही. घरच्या आजीबाई अशा रागावल्या की गुपचूप चार भाकऱ्या खाल्ल्या. त्यांच्या लेखी मी पाहुणा नव्हतोच. मैयाकडून, म्हणजे नर्मदेकडून, आलेला कुणीतरी होतो आणि मला नाही म्हणायचा अधिकार नव्हता.

आता धरणांबद्दल बोलायला हवं. मुख्य नदीवर बरगी, इंदिरा सागर, ओंकारेश्वर, सरदार सरोवर अशी धरणं झाली. सरदार सरोवराचा पायाभरणी समारंभ १९६१ चा आणि लोकार्पण २०१७ चं. पूर्ण भरल्यावर पाण्याची पातळी समुद्रसपाटीपासून १३८.६८ मीटर, आणि मागे अडलेलं पाणी थेट मध्य प्रदेशात २१४ किलोमीटरपर्यंत. नदीकाठची वाट त्यात बुडाली. शूलपाणेश्वराचं जुनं मंदिर बुडालं, नवं उंचावर बांधलं. पूर्वी शूलपाणीच्या झाडीत परिक्रमावासींना लुटत, अंगावर लंगोटीच राहायची, असं जुने लोक रंगवून सांगतात. लुटणाऱ्या भिल्लांना ते 'मामा' म्हणतात. मला या गोष्टी ऐकताना अवघडल्यासारखं होतं. कारण पाण्याखाली गेलेली शेतं आणि घरं त्याच मामांची होती. एकट्या महाराष्ट्रातली ३३ गावं, सगळी नंदुरबार जिल्ह्यातली.

आपल्या राज्याला नर्मदेचा जो थोडासा काठ लाभलाय तो याच जिल्ह्यात, अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांत, आणि तोही फक्त दक्षिण तट. काही परिक्रमावासी अजून त्या डोंगरांतून जातात. बाकीचे मोठा वळसा घालून शहाद्यावरून तापीकाठच्या प्रकाशाला येतात आणि तळोद्याकडून गुजरातेत उतरतात. म्हणजे नर्मदेची परिक्रमा करणारा माणूस तापीत आंघोळ करतो! शास्त्री लोक काय म्हणतील ते म्हणोत. त्या वेळी नर्मदा सातपुड्यापलीकडे असते, दिसतही नाही, पण उजव्या हातालाच असते.

उत्तर तटावर आणखी एक गंमत. सरदार सरोवराचा मुख्य कालवा तिथूनच निघतो आणि पार राजस्थानात जातो. त्यात वाहतं ते नर्मदेचंच पाणी. मग तो ओलांडायचा की नाही? एका आश्रमात मी यावर रात्री अकरापर्यंत वाद ऐकला. न ओलांडता जायचं तर राजस्थानला वळसा. शेवटी एक म्हातारे बाबा म्हणाले, "जिथं मैया स्वतः जाते ती मैया, जिथं तिला नेलं ते पाणी." आणि पांघरूण ओढून झोपले. सकाळी सगळे पुलावरून गेले.

गेल्या हिवाळ्यात अमरकंटकचा तुकडा केला. कुंडातून निघालेली नर्मदा कपिलधारेला खाली उडी घेण्याआधी सहा किलोमीटर पठारावरून वाहते, आणि तिथं जागोजागी ती इतकी अरुंद आहे की लहान मूल चड्डी न भिजवता पलीकडे जाईल. माझ्या पुढे चालणारे एक परिक्रमावासी तिथं थांबले. ओंकारेश्वरहून निघून समुद्र करून आलेले, पायांना चिंध्या बांधलेल्या. पलीकडे, पन्नास पावलांवर, चहाची टपरी होती. त्यांनी टपरीकडे पाहिलं, पाण्याकडे पाहिलं. तेवढ्यात एक शेळी दोन उड्यांत पलीकडे गेली, काहीतरी हुंगून परत आली. बाबांनी तिला हात जोडले, "नर्मदे हर" म्हणाले आणि उगमाला वळसा घालायला पुढे चालू लागले.