झारचा पुतळा आणि गोळेश्वरचा पैलवान: हेलसिंकीतली एक पायी सफर

(दृश्य: सिनेट चौक, जुलैमधली सकाळ. दगडी फरसबंदीवरून हिरवी-पिवळी ट्राम जाते.)

हेलसिंकीच्या ऐन मध्यभागी, सिनेट चौकात, रशियाच्या एका झारचा पुतळा उभा आहे. फिनलंड १९१७ साली रशियापासून स्वतंत्र झाला. पुढे या दोन देशांत युद्धं झाली, या शहरावर सोव्हिएत विमानांनी बॉम्ब टाकले. तरीही झार दुसरा अलेक्झांडर चौथऱ्यावर आहे तिथेच आहे. पर्यटकांच्या बस इथे थांबतात, लोक मागच्या पांढऱ्याशुभ्र चर्चचा फोटो काढतात, पुतळा फोटोच्या एका कोपऱ्यात येतो आणि बस पुढे निघते. हा माणूस अजून इथे कसा, हे विचारायला पायी यावं लागतं. आणि ज्याला विचारता येईल असं कुणीतरी सोबत असावं लागतं.

आमचा गट आठ जणांचा. पुण्याहून आलेले काका-काकू आणि शेजारच्या एस्पो शहरात सॉफ्टवेअरच्या नोकरीत असलेली त्यांची मुलगी, एक जर्मन जोडपं, ब्राझीलचा एक विद्यार्थी, आणि कॅमेरा घेऊन आम्ही दोघं. गाइड याच शहरात वाढलेली. तिच्या हातात झेंडा नाही, गळ्यात माइक नाही. आठ माणसांत त्याची गरजच पडत नाही. नेहमीच्या आवाजात ती बोलते आणि सगळ्यांना ऐकू जातं. सुरुवातीलाच तिने एक ताकीद दिली: फुटपाथचा सायकलींसाठी आखलेला पट्टा मोकळा ठेवा, इथे सायकलवाले थांबत नाहीत.

(दृश्य: पुतळ्याचा चौथरा, जवळून.)

हे शहर वसवलं स्वीडनच्या राजाने, गुस्ताव वासाने, १५५० साली. पण अडीचशे वर्षं ते एक लहानसं लाकडी बंदरच राहिलं. १८०८ साली त्याचा मोठा भाग आगीत गेला. पुढच्याच वर्षी फिनलंड स्वीडनच्या हातून रशियाच्या ताब्यात गेला आणि १८१२ साली झार पहिल्या अलेक्झांडरने राजधानी तुर्कू शहरातून इथे हलवली. तुर्कू स्वीडनच्या फार जवळ, हेलसिंकी सेंट पीटर्सबर्गच्या बाजूला. जळालेल्या गावाच्या जागी राजधानीला शोभेल असं शहर उभारायचं होतं. नगररचना एरेनस्ट्रॉम यांनी केली, आणि इमारतींसाठी बर्लिनमध्ये जन्मलेले वास्तुविशारद कार्ल लुडविग एंगेल यांना आणलं गेलं. समोरचा शासकीय प्रासाद, त्याच्यासमोरचं विद्यापीठ आणि वर उंचावरचं कॅथेड्रल हे सगळं एंगेल यांचं काम.

कॅथेड्रल पूर्ण झालेलं मात्र त्यांनी पाहिलं नाही. १८३० साली सुरू झालेलं काम १८५२ मध्ये संपलं, आणि एंगेल १८४० मध्येच वारले. मुख्य घुमटाभोवतीचे चार छोटे मनोरे आणि छतावरचे येशूच्या बारा शिष्यांचे पुतळे नंतरच्या माणसाने जोडले. गाइडने आम्हाला अंगठा डोळ्यासमोर धरून ते चार मनोरे झाकून पाहायला लावले. एंगेल यांच्या मनातली इमारत किती साधी, किती एकसंध होती ते तेव्हा कळतं. माझं मत विचाराल तर तीच जास्त देखणी आहे.

आता पुतळा. तो बसवला १८९४ साली. दुसऱ्या अलेक्झांडरने १८६३ मध्ये फिनलंडची प्रतिनिधी सभा पुन्हा भरवली. त्याआधी पन्नासहून अधिक वर्षं ती भरलीच नव्हती. चौथऱ्याभोवती कायदा, शांतता, विद्या आणि श्रम यांच्या मूर्ती आहेत. कायद्याच्या मूर्तीजवळ सिंह आहे, आणि सिंह हे फिनलंडचं राजचिन्ह. झारच्या पुतळ्याखाली आपल्या देशाचं चिन्ह, आणि तेही कायद्याच्या शेजारी: शिल्पकार वॉल्टर रूनेबेरी यांनी जे सांगायचं ते दगडा-धातूत सांगून ठेवलं होतं.

ते उपयोगी पडलं पाच वर्षांनी. फेब्रुवारी १८९९ मध्ये नवा झार दुसरा निकोलस याने फिनलंडचे अधिकार काढून घेणारा जाहीरनामा काढला. लोकांनी काय केलं? या चौकात येऊन जुन्या झारच्या पायाशी फुलं वाहायला सुरुवात केली. सम्राटाच्या आजोबांच्या पुतळ्याला फुलं वाहणाऱ्याला कुठल्या कायद्याने अडवणार? फुलांचा ढीग वाढत गेला. त्याच सुमारास कडाक्याच्या थंडीत गावोगाव फिरून पाच लाखांहून अधिक सह्या गोळा झाल्या, त्याही पंधरवड्याच्या आत. शिष्टमंडळ त्या घेऊन सेंट पीटर्सबर्गला गेलं. झारने भेट नाकारली.

काकांनी मुलीमार्फत विचारलं, “मग स्वातंत्र्य मिळाल्यावर तरी का नाही काढला?”

गाइड म्हणाली, काढा म्हणणारे होतेच. पण तोवर हा पुतळा झारचा उरलाच नव्हता. लोकांनी त्याला कायद्याचा साक्षीदार करून टाकलं होतं. आपलीच साक्ष कोण पाडेल?

पन्नास जणांच्या गटात हा प्रश्न कुणी विचारला नसता. विचारला असता तरी उत्तर शेवटच्या रांगेपर्यंत गेलं नसतं.

(दृश्य: बंदरावरचा बाजार. नारिंगी तंबू, मागे समुद्र.)

चौकातून दोन मिनिटं खाली उतरलं की समुद्र. कौप्पातोरी, म्हणजे इथला बाजारचौक. नारिंगी तंबूंखाली मोठमोठ्या काहिलींमध्ये मुइक्कू नावाचे बोटाएवढे मासे लोण्यात तळले जातात. आधी ते राय नावाच्या धान्याच्या पिठात घोळवतात, काट्यासकट खातात. शेजारी सॅमनचं सूप, वर शेपूची पेर. शेपू पाहून काकू खूश झाल्या. पण काकू खऱ्या रमल्या त्या मटारापाशी. जुलैत इथे ताज्या मटाराच्या शेंगा ढिगाने येतात आणि त्या किलोने मिळत नाहीत, लिटरच्या मापाने मिळतात, आपल्याकडे मापटं भरून द्यायचे तशा. माप भरायचं, कागदी पिशवीत ओतायचं, आणि लोक चालता चालता शेंगा सोलून कच्चेच दाणे खातात. सूट घातलेले लोकसुद्धा. स्ट्रॉबेरी आणि ब्लूबेरीही लिटरवरच. जुलैचे दाणे नखाने टोचले की रस येतो इतके कोवळे असतात. उत्तरेच्या लांबलचक दिवसांत वाढलेला हा मटार, त्याची गोडी खरंच वेगळी.

इथे खाताना डोकं वर ठेवा. सीगल पक्षी हातातला घास सरळ उचलून नेतात. आमच्या ब्राझीलच्या मित्राच्या प्लेटमधले दोन मासे असेच गेले.

बाजारातच एक दगडी स्तंभ आहे, टोकावर रशियाचा दोन डोक्यांचा गरुड. १८३३ साली झार पहिल्या निकोलसची पत्नी अलेक्झांड्रा इथे उतरली, तिच्या स्मरणार्थ १८३५ मध्ये एंगेल यांनीच तो आखला. शहरातलं हे सर्वांत जुनं सार्वजनिक स्मारक. १९१७ मध्ये तो गरुड उतरवला गेला, तोही फिनिश लोकांनी नव्हे, क्रांतीच्या भरात आलेल्या रशियन खलाशांनी. आणि फिनलंडने तो परत वर बसवला, १९७१ साली. पूर्वेला टेकडीवर उस्पेन्स्की कॅथेड्रल दिसतं, लाल विटांचं, सोनेरी घुमटांचं. त्या विटा ऑलंड बेटांवरच्या बोमारसुंड किल्ल्याच्या. क्रिमियाच्या युद्धात ब्रिटिश आणि फ्रेंच आरमाराने १८५४ मध्ये तो किल्ला पाडला, आणि पडक्या किल्ल्याच्या विटा पडावांतून इथे आणून हे रशियन ऑर्थोडॉक्स चर्च १८६८ मध्ये उभं राहिलं. आलेली वस्तू टाकायची नाही, ती कामाला लावायची, ही इथली सवय जुनी आहे.

(दृश्य: एस्प्लानादी बाग, झाडांची रांग, द्विभाषिक पाट्या.)

एस्प्लानादी बागेतून पश्चिमेला निघालो. रस्त्यांच्या पाट्या दोन भाषांत: वर फिनिश, खाली स्वीडिश. बागेच्या मध्यभागी पुतळा आहे कवी योहान लुडविग रूनेबेरी यांचा, झारचा पुतळा घडवणाऱ्या शिल्पकाराच्या वडिलांचा, आणि तोही मुलानेच घडवलेला. फिनलंडच्या राष्ट्रगीताचे शब्द यांचे, आणि लिहिलेले स्वीडिशमध्ये. पुढे तीन लोहारांचा पुतळा. त्याच्या चौथऱ्यावर १९४४ च्या बॉम्बहल्ल्याच्या खुणा अजून आहेत, मुद्दाम ठेवलेल्या.

काम्प्पीचं शांततेचं चॅपल म्हणजे गजबजलेल्या चौकात उभी केलेली लाकडी, गोल, बिनखिडक्यांची खोली. २०१२ सालची. इथे चर्चसारख्या नेहमीच्या प्रार्थनासभा होत नाहीत, नुसतं बसायचं. खडकात खोदलेलं टेंपेलिआउकिओ चर्च थोड्या आडवाटेवर आहे. तिथे तिकीट आहे, गर्दीही फार. आम्ही तो वेळ लायब्ररीला दिला आणि तो सत्कारणी लागला.

(दृश्य: ओओदी ग्रंथालय, दुसरा मजला. शिवणयंत्रांचा आवाज.)

ओओदी हे शहराचं मध्यवर्ती ग्रंथालय. स्वातंत्र्याच्या शतकपूर्तीनिमित्त बांधलेलं, ५ डिसेंबर २०१८ ला, स्वातंत्र्यदिनाच्या आदल्या दिवशी उघडलेलं. समोर मोकळं मैदान आणि पलीकडे संसद. ग्रंथालयाच्या गच्चीवर उभं राहिलं की नजर थेट संसदेच्या पायऱ्यांवर जाते. जागा मुद्दामच तशी निवडली आहे, असं गाइडने सांगितलं.

पुस्तकं सगळ्यांत वरच्या मजल्यावर. मधल्या मजल्यावर शिवणयंत्रं, थ्रीडी प्रिंटर, गाणं ध्वनिमुद्रित करायच्या खोल्या, बैठकांच्या जागा. एक आजीबाई पडद्याला अस्तर लावत होत्या. शेजारी विशीतला एक मुलगा जीन्सची चेन बदलत होता, त्याला दोरा ओवता येईना, आजींनी ओवून दिला. काकू यंत्राजवळ गेल्या, बॉबिन काढून पाहिली आणि म्हणाल्या, “तेलपाणी व्यवस्थित आहे हो.” सार्वजनिक वस्तूची इतकी निगा राखलेली पाहून मला जो आनंद झाला, तो कुठल्याही राजवाड्यात झाला नसता. जो देश एका साम्राज्याने आखलेल्या चौकातून सुरू झाला, त्याने शंभर वर्षांनी स्वतःला भेट म्हणून काय दिलं, तर ही इमारत.

(दृश्य: तोओलोनलाहती खाडीकाठची पायवाट. दूरवर पांढरा मनोरा.)

ठरलेली सफर इथे संपते. पण काकांच्या मनात एक जागा होती. मोठ्या गटाचा मार्ग बदलत नाही. आठ जणांत फक्त एकमेकांच्या तोंडाकडे पाहावं लागतं. सगळ्यांनी मान डोलावली आणि आम्ही खाडीच्या कडेने उत्तरेला निघालो.

ऑलिम्पिक स्टेडियम. १९३८ मध्ये बांधून तयार, १९४० च्या स्पर्धांसाठी. युद्धामुळे त्या रद्द झाल्या. स्पर्धा इथे झाल्या त्या १९५२ साली. ७२.७१ मीटर उंचीचा हा मनोरा म्हणजे माट्टी यार्विनेन यांनी १९३२ च्या ऑलिम्पिकमध्ये केलेल्या सुवर्णपदकविजेत्या भालाफेकीचं अंतर, आकाशाकडे उभं केलेलं. १९५२ हे या देशासाठी आणखी एका कारणाने महत्त्वाचं: सोव्हिएत संघाला द्यावी लागणारी युद्धाची भरपाई त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये फिटली. आणि त्याच उन्हाळ्यात सोव्हिएत खेळाडू पहिल्यांदा ऑलिम्पिकला आले ते इथे, हेलसिंकीत.

काकांना मात्र स्टेडियमच्या शेजारची इमारत पाहायची होती. तेव्हा ते मेस्सुहाल्ली, म्हणजे प्रदर्शनगृह, होतं, आता तोओलोचं क्रीडागृह आहे. शहरातले लोक इथे बॅडमिंटन, टेबल टेनिस खेळायला येतात. १९५२ च्या जुलैत कुस्त्या इथे झाल्या. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव इथेच लढले, ५७ किलो गटात, फ्रीस्टाइल. कॅनडा, मेक्सिको आणि जर्मनीच्या मल्लांना त्यांनी हरवलं. जपानचा इशी आणि सोव्हिएत मल्ल ममादबेयोव यांच्याकडून हरले. इशीला सुवर्ण मिळालं, खाशाबांना कांस्य. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिम्पिक पदक. दुसऱ्यासाठी देशाला १९९६ पर्यंत थांबावं लागलं.

आतापर्यंत गाइड बोलत होती आणि आम्ही ऐकत होतो. इथे काका बोलायला लागले, मुलगी इंग्रजीत सांगत गेली आणि गाइडने वही काढली. खाशाबांना इथे यायला पैसे नव्हते, गावाने वर्गणी काढली. कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले. पदक घेऊन परतल्यावर शंभराहून जास्त बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. गाइडने घराची गोष्ट दोनदा विचारून घेतली. नाव मुलीकडून अक्षर अक्षर लिहून घेतलं, गोळेश्वर नकाशावर शोधलं.

मग तिने विचारलं, हा माणूस गावाकडे मातीत खेळायचा आणि इथे गादीवर, तर नेमकं काय बदलतं? काकांनी खांद्यावरची पिशवी काकूंकडे दिली, ब्राझीलच्या मुलाला समोर उभं केलं आणि मातीत पायाची पकड कशी असते, गादीवर तोच पाय कसा सरकतो ते दाखवायला सुरुवात केली. आतून बॅडमिंटनची एक जोडी रॅकेट घेऊन बाहेर आली, क्षणभर थांबली आणि तीही बघायला लागली.