आरोपीच्या बाजूने : बॅरिस्टर डी. एन. प्रिट

(पडद्यावर : लंडन, डाउनिंग स्ट्रीट. प्रिव्ही कौन्सिलची इमारत.)

फेब्रुवारी १९३१. लाहोरच्या तुरुंगात तीन तरुण फाशीच्या कोठडीत आहेत. भगतसिंग, सुखदेव आणि पुणे जिल्ह्यातल्या खेडचे शिवराम हरी राजगुरू. कायद्याचा एकच दरवाजा आता उरलाय आणि तो लंडनमध्ये आहे. प्रिव्ही कौन्सिल, म्हणजे साम्राज्यातलं अपिलाचं शेवटचं न्यायालय. तिथे त्यांची बाजू मांडायला उभा राहिलेला वकील इंग्रज आहे. डेनिस नोवेल प्रिट, किंग्ज कौन्सेल, म्हणजे ज्येष्ठ वकिलाचा मान मिळालेले, वय ४३.

प्रिट यांचा सगळा रोख होता तो खटला चालवण्याच्या पद्धतीवर. व्हाइसरॉय आयर्विन यांनी १ मे १९३० ला वटहुकूम काढून या एका खटल्यासाठी तीन न्यायाधीशांचं खास न्यायाधिकरण नेमलं होतं. आरोपी हजर नसले तरी कामकाज चालू ठेवायची मुभा. हायकोर्टात अपील नाही. असा वटहुकूम फक्त आणीबाणीत, देशाच्या शांततेसाठी काढता येतो, असं कायदा सांगत होता. मग आणीबाणी होती कुठे, असा प्रिट यांचा युक्तिवाद होता. लॉर्ड ड्यूनेडिन यांनी निकाल दिला : आणीबाणी आहे की नाही, हे ठरवणारा गव्हर्नर जनरल, म्हणजे व्हाइसरॉयच, एकटा. अर्ज फेटाळला. २३ मार्चला तिघांनाही फाशी झाली.

या खटल्यावर आपल्याकडे इतकं लिहिलं-बोललं जातं, पण लंडनमधल्या या वकिलाचं नाव क्वचितच कानावर पडतं. ते पडायला हवं. आणि नाव घ्यायचं तर त्याची पुढची सगळी कारकीर्दही बघायला हवी, कारण ती सरळ नाही.

(पडद्यावर : मिडल टेंपलचं आवार. तरुणपणीचं छायाचित्र.)

जन्म १८८७ चा. वडील धातूंचे व्यापारी, शाळा विंचेस्टरची, म्हणजे इंग्लंडमधल्या बड्या घरांची. १९०९ मध्ये मिडल टेंपल या लंडनमधल्या वकिलांच्या संस्थेतून बॅरिस्टर. सुरुवातीला कॉन्झर्व्हेटिव्ह, मग लिबरल, १९१८ पासून लेबर पक्षात. एखादा माणूस वय वाढेल तसा उजवीकडे सरकतो. प्रिट डावीकडे सरकत गेले. १९२७ मध्ये ते किंग्ज कौन्सेल झाले. वकिली जोरात होती, पैसा भरपूर होता. त्या वेळी आशिलं निवडायची त्यांना पूर्ण मोकळीक होती, आणि त्यांनी निवडली ती सरकारला नको असलेली माणसं.

हाँगकाँगमध्ये १९३१ साली सुंग मान चो या नावाने एक व्हिएतनामी पकडला गेला. फ्रेंचांच्या हाती गेला असता तर त्याची धडगत नव्हती. प्रकरण प्रिव्ही कौन्सिलपर्यंत आलं तेव्हा त्याच्या बाजूने प्रिट होते आणि सरकारच्या बाजूने स्टॅफर्ड क्रिप्स, तेच, पुढे ‘क्रिप्स योजना’ घेऊन भारतात आलेले. दोघांनी तडजोड घडवून आणली आणि त्या माणसाला फ्रेंच हद्दीत पाठवायचं नाही असं ठरलं. जग त्याला पुढे हो चि मिन्ह म्हणून ओळखणार होतं.

१९३३ मध्ये बर्लिनचं राइशस्टाग, म्हणजे जर्मनीचं संसद भवन, जळालं. नाझींनी त्याचा ठपका कम्युनिस्टांवर ठेवला. तेव्हा लंडनमध्ये निरनिराळ्या देशांतल्या कायदेपंडितांची चौकशी समिती बसली आणि तिचे अध्यक्ष होते प्रिट. लाइपझिगचा खटला सुरू होण्याच्या आदल्याच दिवशी समितीने जाहीर केलं की कम्युनिस्टांचा या आगीशी संबंध दिसत नाही, संशय नाझींवरच जातो. पुढल्या वर्षी टॉम मान या म्हाताऱ्या कामगार नेत्याला त्यांनी राजद्रोहाच्या आरोपातून सोडवलं. १९३५ मध्ये लंडनच्या हॅमरस्मिथ नॉर्थ मतदारसंघातून लेबर पक्षाचे खासदार म्हणून ते पार्लमेंटमध्ये पोचले.

(पडद्यावर : मॉस्को, ऑगस्ट १९३६. खटल्याचं सभागृह.)

आता आपण अशा ठिकाणी आलोय, जिथे थांबायलाच हवं.

झिनोविएव्ह आणि कामेनेव्ह हे लेनिनचे जुने सहकारी, आणि आणखी चौदा जण. आरोप असा की त्यांनी स्टालिनच्या खुनाचा कट केला. खटला चालला १९ ते २४ ऑगस्ट, जेमतेम सहा दिवस. बचावाचे वकील नाहीत. पुरावा म्हणजे मुख्यतः आरोपींचे कबुलीजबाब. सोळाही जणांना मृत्युदंड, आणि निकालानंतर चोवीस तासांच्या आत त्यांना गोळ्या घातल्या गेल्या. निरीक्षक म्हणून सभागृहात डी. एन. प्रिट बसले होते. लंडनला परतल्यावर त्यांनी पुस्तिका लिहिली आणि खटला न्याय्य झाल्याचं प्रशस्तिपत्र दिलं.

त्या खटल्यातली एकच गोष्ट जवळून बघू. होल्ट्झमन नावाच्या आरोपीने कबूल केलं की १९३२ मध्ये कोपनहेगनच्या हॉटेल ब्रिस्टलमध्ये तो स्टालिनचा हद्दपार प्रतिस्पर्धी ट्रॉट्स्की याच्या मुलाला भेटला. खटला संपल्यावर काही दिवसांतच डेन्मार्कच्या वर्तमानपत्राने छापलं की हे हॉटेल १९१७ सालीच नाहीसं झालं होतं. उलटतपासणी करणाऱ्या वकिलाला असा धागा सापडला की तो सगळी साक्ष उसवून टाकतो. प्रिट यांच्यासारखा वकील लाहोर किंवा लंडनमध्ये असता तर त्याने हे हॉटेल दिवसभर सोडलं नसतं. पाच वर्षांपूर्वी प्रिव्ही कौन्सिलपुढे त्यांनी ज्या ज्या गोष्टीला हरकत घेतली होती, ती प्रत्येक गोष्ट मॉस्कोत जास्त भयंकर रूपात समोर होती. ते हुशार होते, शूर होते, आणि समोर घडत असलेला अन्याय त्यांनी अन्याय म्हणून पाहिला नाही. मला हे माफ करण्याजोगं वाटत नाही, कारण खटला कसा चालतो हे न समजणारा तो माणूस नव्हता.

(पडद्यावर : हॅमरस्मिथ, १९४० च्या दशकातला रस्ता.)

सोव्हिएत फौजा फिनलंडमध्ये घुसल्या. प्रिट यांनी सोव्हिएत बाजू उचलून धरली. मार्च १९४० मध्ये लेबर पक्षाने त्यांची हकालपट्टी केली. खासदारकी मात्र सुटली नाही. पुढची दहा वर्षं ते अपक्ष म्हणून सभागृहात बसले.

ब्रिटनमध्ये अपक्ष निवडून येणं फार कठीण. तिथे मत पक्षाला पडतं, माणूस नंतर. १९४५ मध्ये लेबर पक्षाची लाट आली, पक्षाच्या ३९३ जागा निवडून आल्या. हॅमरस्मिथ नॉर्थमध्ये पक्षाने प्रिट यांच्याविरुद्ध स्वतःचा उमेदवार उभा केला. आणि त्याच लाटेत पक्षाचा अधिकृत उमेदवार तिसऱ्या क्रमांकावर फेकला गेला. प्रिट साठ टक्क्यांहून अधिक मतं घेऊन निवडून आले. याचं कारण मॉस्कोत शोधू नये. मतदारसंघात ते कामाचे खासदार होते. जॉर्ज ऑर्वेल यांना त्यांच्या राजकारणाचा तिटकारा होता, ते छुपे कम्युनिस्ट असावेत अशी त्यांची खात्री होती. तरीही आपल्या वहीत ऑर्वेल यांनी नोंदवून ठेवलं की प्रिट स्थानिक खासदार म्हणून चांगले, अत्यंत सक्षम आणि धाडसी आहेत.

लेबर पक्षातून काढलेले आणखी चौघे १९४९ पर्यंत त्यांना येऊन मिळाले आणि त्यांचा छोटा गट झाला. त्यातले एक होते लेस्टर हचिन्सन. कम्युनिस्ट आणि कामगार नेत्यांवरच्या मीरत कटाच्या खटल्यात श्रीपाद अमृत डांगे, घाटे, मिरजकर, जोगळेकर यांच्याबरोबर आरोपीच्या पिंजऱ्यात बसलेले इंग्रज पत्रकार ते हेच. शीतयुद्ध सुरू झालं होतं. १९५० च्या निवडणुकीत पाचही जण पडले, आणि हॅमरस्मिथ पुन्हा लेबर पक्षाकडे गेलं.

(पडद्यावर : केनिया. कपेंगुरियाकडे जाणारा रस्ता.)

खासदारकी गेली आणि प्रिट यांचा सगळ्यात मोठा खटला त्यानंतर आला.

१९५२ मध्ये ब्रिटिश सरकारने केनियाचे राष्ट्रवादी नेते जोमो केन्याटा आणि पाच सहकाऱ्यांवर ‘माऊ माऊ’ ही ब्रिटिशांविरुद्ध बंड करणारी गुप्त संघटना चालवल्याचा आरोप ठेवला. खटला नैरोबीत चालवला नाही. त्यासाठी कपेंगुरिया हे उत्तरेकडचं आडगाव निवडलं. हा सगळा भाग प्रतिबंधित, आत यायला परवाना लागे. राहायची सोय नाही, म्हणून वकिलांनी किटाले गावात मुक्काम करायचा आणि तिथून चाळीसेक किलोमीटर धूळ खात रोज कोर्टात जायचं. न्यायाधीश रॅन्सली थॅकर निवृत्त झालेले, खास या खटल्यासाठी नेमलेले. त्यांना सरकारने वीस हजार पौंड दिल्याचं नंतर उघड झालं.

प्रिट यांच्या बाजूची माणसं बघा. नायजेरियाहून एच. ओ. डेव्हिस, जमैकाचे डडली थॉम्पसन, भारतातून दिवाण चमनलाल, केनियातले ए. आर. कपिला, जसवंत सिंग आणि तरुण फिट्झ डिसूझा. डिसूझा गोव्याच्या घरातले. बचावाची जुळवाजुळव करणाऱ्यांत पिओ गामा पिंटो होते, तेही गोमंतकीय. साम्राज्याच्या तीन-चार कोपऱ्यांतली माणसं एका इंग्रज वकिलामागे एका बाकावर बसली होती. पिंटो पुढे केनियाच्या संसदेत गेले आणि १९६५ मध्ये नैरोबीत त्यांचा खून झाला. डिसूझा तिथल्या संसदेचे उपसभापती झाले.

कोर्टातला दुभाषा होता लुई लीकी, नामांकित मानववंशशास्त्रज्ञ. केन्याटांच्या जमातीची किकुयू भाषा त्याला मातृभाषेसारखी येई. पण माऊ माऊविरुद्ध पुस्तक लिहिलेला आणि सरकारला मदत करणारा तोच होता. साक्षीदार काय बोलला हे कोर्टाला सांगणारा माणूस फिर्यादी पक्षाच्या गोटातला कसा चालेल? प्रिट पुन्हा पुन्हा हरकत घेत राहिले. शेवटी लीकी चिडून बाजूला झाला. अन्याय अशा बारीकसारीक जागांत असतो आणि त्या जागा हुडकण्यात प्रिट यांचा हात धरणारा कुणी नव्हता.

मध्येच आणखी एक प्रकार घडला. इथे न्याय नाकारला जातोय अशी तार प्रिट यांनी लंडनच्या काही खासदारांना केली. त्यावरून त्यांच्यावरच न्यायालयाच्या अवमानाचा खटला भरला गेला. ते निर्दोष सुटले आणि परत कामाला लागले.

केन्याटांविरुद्धचा महत्त्वाचा साक्षीदार होता रॉसन माचारिया. केन्याटांना माऊ माऊची शपथ देताना आपण पाहिलं, असं त्याचं म्हणणं. बचावाच्या दहा साक्षीदारांनी ते खोडून काढलं. दहांवर अविश्वास आणि एकावर विश्वास ठेवायला आपण कचरत नाही, असं थॅकर यांनी निकालात लिहिलं. ८ एप्रिल १९५३. सात वर्षं सक्तमजुरी. १९५८ मध्ये माचारियाने प्रतिज्ञापत्र केलं की साक्ष खोटी होती, बदल्यात इंग्लंडमध्ये शिक्षणाचं आमिष होतं. सरकारने खटला भरला, पण तो या प्रतिज्ञापत्राबद्दल. १९६३ मध्ये केनिया स्वतंत्र झाला, केन्याटा पंतप्रधान झाले. नैरोबीतल्या एका मोठ्या रस्त्याला आज डेनिस प्रिट यांचं नाव आहे.

१९५४ मध्ये सिंगापूर. विद्यार्थ्यांच्या ‘फजर’ नियतकालिकावर राजद्रोहाचा खटला. प्रिट यांच्या हाताखाली ली क्वान यू नावाचे तरुण वकील, पुढे सिंगापूरचे पंतप्रधान झालेले. विद्यार्थी सुटले. त्याच वर्षी सोव्हिएत सरकारने प्रिट यांना स्टालिन शांतता पुरस्कार दिला आणि त्यांनी तो घेतला.

(पडद्यावर : अक्रा, लेगॉनचं विद्यापीठ.)

वयाच्या ७८ व्या वर्षी ते घानाच्या विद्यापीठात कायद्याचे प्राध्यापक होते. घानाचे अध्यक्ष क्वामे एन्क्रुमा यांचं सरकार त्या वेळी विरोधकांना विनाचौकशी तुरुंगात डांबत होतं. घानाच्या स्वातंत्र्यलढ्यातले ज्येष्ठ नेते आणि स्वतः बॅरिस्टर असलेले जे. बी. डांक्वा फेब्रुवारी १९६५ मध्ये त्याच विनाचौकशी कैदेत मरण पावले. प्रिट यांचे वर्ग त्याच वर्षी सुरू झाले. फेब्रुवारी १९६६ मध्ये लष्कराने एन्क्रुमांना हटवलं, आणि प्रिट यांची घानातली कारकीर्दही तिथेच संपली. २३ मे १९७२ ला हॅम्पशायरमध्ये त्यांचं निधन झालं.