आजींचा ‘हं’ आणि आमचा रकाना

[दृश्य: उन्हातली वाडी. ओट्यावर चिंचा फोडणारे म्हातारे हात. दगडाचा ठक् ठक् आवाज.]

मे महिना. भोर तालुक्यातली डोंगराच्या अंगाची एक वाडी. ओट्यावर आजी चिंचोके काढत बसल्या आहेत, समोर मी. वय 22, मांडीवर पॅड, पॅडला दोरीने बांधलेलं बॉलपेन आणि एक जाडजूड प्रश्नावली. कॉलेजच्या सुट्टीतलं माझं पहिलं सर्वेक्षण.

चौदावा प्रश्न. ‘गावातील पाणीपुरवठ्याबाबत मी समाधानी आहे.’ पुढे पाच रकाने: पूर्ण सहमत, सहमत, सांगता येत नाही, असहमत, पूर्ण असहमत. ‘सहमत’ हा शब्द त्या ओट्यावर कोण बोलतं? म्हणून मी तो माझ्या परीने सोपा केला. ‘आजी, पाणी मिळतंय ना नीट?’

‘हं,’ आजी म्हणाल्या. मी ‘सहमत’वर खूण केली.

एकतिसावा प्रश्न. ‘उन्हाळ्यात गावात पाण्याची तीव्र टंचाई असते.’ मी विचारलं, ‘उन्हाळ्यात हाल होतात ना पाण्याचे?’

‘व्हय तर.’ पुन्हा खूण. सहमत.

संध्याकाळी, आमचा मुक्काम होता त्या शाळेच्या खोलीत, पर्यवेक्षक सरांनी त्या दोन खुणांभोवती लाल गोल काढला. ‘ह्या बाईंना पाणी मिळतं की नाही?’

मला सांगता आलं नाही. आणि गंमत नव्हे, दुःख हे की उत्तर मी डोळ्यांनी पाहिलं होतं. आजींच्या दारात तीन हंडे उपडे घातलेले होते. त्यांच्याच शेजारी मी माझ्या चपला काढल्या होत्या.

[दृश्य: तीन उपडे हंडे. चित्र तसंच थांबतं.]

प्रश्न कुठलाही असो, उत्तर ‘हो’कडे कलतं. सर्वेक्षणाच्या शास्त्रात याला ‘ॲक्विएसन्स बायस’ म्हणतात. आपण त्याला होकाराचा कल म्हणू. हा कल फक्त आमच्या वाडीतला नाही. अमेरिकेतल्या ली क्रॉनबॅक या मानसशास्त्रज्ञाने 1942 साली तो परीक्षेच्या पेपरात दाखवला. चूक की बरोबर, एवढंच विचारणारे प्रश्न. ज्यांना उत्तर ठाऊक नसतं, ते विद्यार्थी अंदाजाने खूण करताना ‘बरोबर’कडे जास्त झुकतात. तिथे समोर कोणी माणूसही नसतो. नुसतं छापील विधान असतं, आणि छापलेलं ते खरंच असणार असं मन धरून चालतं.

त्याच्या दहा वर्षं आधी, 1932 साली, अमेरिकेतलेच मानसशास्त्रज्ञ रेन्सिस लिकर्ट यांनी पाच रकान्यांची ती मोजपट्टी मांडली होती, जी माझ्या पॅडवर होती. आज बँकेच्या ॲपपासून सरकारी योजनेच्या मूल्यमापनापर्यंत सगळीकडे तीच आहे. मोजपट्टी सोयीची आहे, यात वाद नाही. अडचण पट्टीवर आधी ठेवलेल्या विधानाची आहे.

[दृश्य: दोन कागद शेजारी शेजारी. एकावर एक विधान, दुसऱ्यावर त्याच्या नेमकं उलट.]

हे सर्वांत स्वच्छ दिसतं ते 1974 सालच्या एका प्रयोगात. अमेरिकेतल्या मिशिगन विद्यापीठाच्या सर्वेक्षण केंद्रात हॉवर्ड शूमन आणि स्टॅन्ली प्रेसर प्रश्नांच्या शब्दरचनेवर काम करत होते. त्यांनी लोकांचे चिठ्ठ्या टाकाव्यात तसे गट पाडले. एका गटाला विधान दिलं: देशातल्या गुन्हेगारीला सामाजिक परिस्थितीपेक्षा माणसं स्वतः जास्त जबाबदार आहेत. जवळजवळ 60 टक्के लोक म्हणाले, सहमत.

दुसऱ्या गटाला तेच उलटं करून दिलं: माणसांपेक्षा सामाजिक परिस्थिती जास्त जबाबदार आहे. इथेही सुमारे 57 टक्के म्हणाले, सहमत.

एकच देश, एकच वर्ष. पहिला कागद हातात घेऊन एखादा पुढारी म्हणेल, लोकांना कडक कायदे हवेत. दुसरा कागद घेऊन दुसरा म्हणेल, लोकांना शाळा आणि रोजगार हवेत. दोघांच्याही हातात आकडा असेल आणि दोघेही प्रामाणिक असू शकतील. मला हा प्रयोग म्हणूनच भीतीदायक वाटतो. इथे कोणी खोटं बोललेलं नाही.

आता कारणं. स्टॅनफर्ड विद्यापीठाचे संशोधक जॉन क्रॉस्निक यांनी एक कारण सांगितलं, ते आपल्या बोलीत फार नेमकं बसतं. माणूस उत्तर ‘भागवून नेतो’. प्रश्न समजून घ्यायचा, आठवायचं, तोलायचं, मग रकाना निवडायचा, हे कष्टाचं काम. ते साठ-सत्तर वेळा कोण करणार? विधान ऐकलं की मनात पहिल्यांदा त्याच्या बाजूच्या गोष्टी उभ्या राहतात. ‘पाणी मिळतं’ म्हटलं की नळाला पाणी आलेले दिवस आठवतात. ‘टंचाई असते’ म्हटलं की मे महिना आठवतो. विरोधातल्या गोष्टी शोधायच्या तर आणखी थोडं थांबावं लागतं, आणि थांबायच्या आत ‘हो’ तोंडातून निघून गेलेलं असतं. आजींचे दोन्ही ‘हो’ असे खरेच होते.

पण माझ्या मते हे अर्धंच कारण आहे. उरलेलं अर्धं समोर बसलेल्या माणसात असतं.

[दृश्य: अंगणात खुर्ची टाकलेली. खुर्चीवर पाहुणा, जमिनीवर घरचे.]

1960 साली गेरहार्ड लेन्स्की आणि जॉन लेगेट या समाजशास्त्रज्ञांनी डेट्रॉइट शहरातल्या मुलाखतींवर एक निबंध लिहिला. त्याच्या शीर्षकातच तीन शब्द होते: जात, वर्ग आणि आदब. त्या मुलाखतींत दोन विधानं लांब अंतरावर पेरलेली होती. एक असं की पुढचे दिवस पाहता मुलं जन्माला घालणं अन्यायाचंच आहे. दुसरं असं की आज जन्मणाऱ्या मुलांचं भविष्य फार सुंदर आहे. काही लोक दोन्हींना ‘हो’ म्हणाले. असे लोक कृष्णवर्णीयांमध्ये आणि कमी शिकलेल्या, कष्टकरी वर्गात जास्त निघाले. लेखकांनी अर्थ लावला तो आदबीचा. वरच्या थरातला माणूस दारात येऊन काही म्हणतो आहे, त्याला ‘नाही’ कसं म्हणायचं?

त्यांनी ‘जात’ हा शब्द अमेरिकेबद्दल वापरला. आपल्याला तो समजावून सांगावा लागत नाही. मी ओट्यावर बसले, तेव्हा आजींच्या सुनेने माझ्यासाठी आतून सतरंजी आणली होती. शहरातून आलेली, पेन बाळगणारी, पुस्तकी मराठी बोलणारी मुलगी. हिच्या कागदावर ‘नाही’ लिहिलं तर उद्या रेशनकार्डातून नाव जाईल का? ‘हो’ लिहिलं तर टँकर वाढेल का? मी कितीही म्हटलं की ‘ही फक्त माहिती आहे’, तरी कागद घेऊन आलेल्यांचा त्यांना माझ्यापेक्षा जास्त अनुभव होता.

आपल्याकडे अशा मान डोलावणाऱ्याला नंदीबैल म्हणतात, होयबा म्हणतात. इथे ते शब्द वापरू नयेत, असं मला मनापासून वाटतं. नंदीबैल दारात येतो तेव्हा आपण त्याच्या मानेकडे बघतो, गुबुगुबु ढोलकं वाजवणाऱ्या हाताकडे कोणाचं लक्ष नसतं. माझ्या प्रश्नातला ‘ना’ हे तसलंच ढोलकं होतं. ‘मिळतंय ना?’, ‘होतात ना?’ असं विचारलं की उत्तर देणाऱ्याला वेगळं काही म्हणायला जागाच राहत नाही.

आणि तो ‘हं’. गावाकडे कोणी गोष्ट सांगत असेल तर ऐकणाऱ्याने हुंकार द्यायचा असतो. हुंकार थांबला की सांगणारा विचारतो, झोपलास का रे? त्या ‘हं’चा अर्थ एवढाच: ऐकते आहे, पुढं बोल. आजी मला हुंकार देत होत्या, आणि मी प्रत्येक हुंकारावर ‘सहमत’ अशी खूण करत होते.

[दृश्य काळं. मग एका रिकाम्या औद्योगिक रस्त्यावरचे रात्रीचे दिवे.]

पाण्याच्या सर्वेक्षणात चुकीची खूण पडली तर एक आकडा बिघडतो. काही ठिकाणी मात्र त्या होकारावर माणसाचं स्वातंत्र्य अवलंबून असतं.

ऑस्ट्रेलिया. 1994 साली ब्रिस्बेन शहरात सहा पोलिसांनी 12, 13 आणि 14 वर्षांच्या तीन आदिवासी मुलांना रात्री गाड्यांत बसवलं, सुमारे 14 किलोमीटरवर पिंकेनबा नावाच्या ओसाड औद्योगिक भागात नेलं आणि सोडून दिलं. पोलिसांवर खटला झाला. प्रश्न एवढाच होता की मुलं स्वखुशीने गेली की नाही. बचावाच्या वकिलांनी मुलांची उलटतपासणी घेतली. ‘तुला जायची सक्ती नव्हती, हे तुला माहीत होतं, बरोबर?’ अशा धाटणीचे प्रश्न, पुन्हा पुन्हा. मुलं ‘हो’ म्हणत गेली. मुलं आपल्या मर्जीने गेली, असं धरून 1995 साली आरोप रद्द झाले.

भाषाशास्त्रज्ञ डायना ईड्स यांनी या खटल्याचा बारकाईने अभ्यास केला. तिथल्या आदिवासींच्या इंग्रजीत, अधिकारी माणसाच्या प्रश्नाला दिलेल्या ‘हो’चा अर्थ ‘हे खरं आहे’ असाच असेल असं नाही. ‘मी तुमच्याशी भांडत नाही, आता हे संपवा’ असाही असतो. हे त्या देशाच्या न्यायव्यवस्थेला ठाऊक नव्हतं असं म्हणायची सोय नाही. 1976 साली ऑस्ट्रेलियाच्याच नॉर्दर्न टेरिटरी या प्रदेशाच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती फॉर्स्टर यांनी अनुंगा खटल्यात, आदिवासींची चौकशी कशी करावी याचे पोलिसांसाठी नियम घालून दिले होते. त्यांत स्पष्ट म्हटलं होतं की हे लोक सभ्य असतात आणि विचारणाऱ्याला काय हवं असेल, ते ओळखून उत्तर देतात. म्हणून ‘गप्प राहण्याचा हक्क तुला समजला का?’ एवढं विचारून थांबू नका. त्या हक्काचा अर्थ त्याला एकेका वाक्याने, त्याच्याच शब्दांत सांगायला लावा.

[दृश्य: परत ओटा. सकाळची वेळ.]

प्रश्नावली तयार करणारे एक उपाय हमखास करतात. अर्धी विधानं सुलटी, अर्धी उलटी. मग बेरजेत होकार एकमेकांना खोडून काढतात. पण त्यामुळे सगळ्याला ‘हो’ म्हणणारा माणूस मोजपट्टीच्या बरोबर मध्यावर जाऊन बसतो. आजींच्या नावापुढे ‘पाण्याबाबत मध्यम समाधानी’ असं निघालं असतं. उपड्या हंड्यांच्या घरात. शिवाय उलटं विधान मराठीत करायला गेलं की ‘मी असमाधानी नाही, याच्याशी मी असहमत आहे’ असली वाक्यं तयार होतात. ती वाचून दाखवताना मीच अडखळायचे.

विलेम सॅरिस, क्रॉस्निक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2010 साली दाखवलं की सहमत-असहमत काढून टाकून थेट त्याच गोष्टीबद्दल विचारलं, तर उत्तरं जास्त भरवशाची येतात. किती? कधी? कितीदा? अशा प्रश्नाला ‘हो’ म्हणताच येत नाही.

हे सगळं मी पुष्कळ नंतर वाचलं. त्या दिवशी सरांनी फक्त एवढंच सांगितलं, ‘उद्या परत जा. कागद पिशवीत ठेव आणि नीट विचार.’

दुसऱ्या दिवशी गेले. हंडे जागेवर नव्हते. मी विचारलं, ‘आजी, काल पाणी किती वाजता आलं?’

आजींनी हातातला दगड खाली ठेवला. ‘काल कुठलं? परवा आला टँकर, दुपारी. सुनंला चार हंडं मिळालं. त्यातला एक म्हशीला. आज ती खालच्या हिरीवर गेलीया पहाटंच, अजून आली न्हाई.’ आणि मग थांबून, ‘नळ हाय की पण. दिवाळीपतूर येतं त्याला पाणी. मी तुला व्हय म्हणलं ते त्याचं.’

मी पिशवीतून प्रश्नावली काढली आणि चौदाव्या प्रश्नाच्या शेजारी, समासात, पेन्सिलीने लिहू लागले. जागा कमी पडली, तेव्हा पान उलटून मागच्या कोऱ्या बाजूवर लिहिलं. आजी वाकून बघत होत्या. म्हणाल्या, ‘म्हशीचं पण लिवलं का?’